एकाच गंजातल्या खिम्याच्या नळ्या

त्या रविवारी सायंकाळी आपण दोघांनी बसून लसूण सोलला. ते आपलं सोबतीनं केलेलं शेवटचं काम. तू पाटावर बसली होती, मी मधल्या दाराच्या उंबरठ्यावर. माह्या पाच पाकळ्या झाल्या तोवर तुह्या पंधरा झाल्या.

तू म्हणाली, "दुकानात टायर खोलाले बी इतकाच वेळ लावत होते का?"

म्या म्हटलं, "टायरले असं चिकट साल नसते."

"नखं वाढवा मंग."

"तू सोल ना पटापट. इथी काय शर्यत लागली आहे का?"

बस, असंच. काही विशेष नाई. खिमा धुवून चाळणीत निथळत होता. कांदा चिरून झाला होता. हायवेवरून ट्रकांचा आवाज येत होता, जसा रोज येते. तव्हा कोणी येऊन सांगितलं असतं की उद्या या वेळेले हे माणूस घरात नसणार, तं म्या त्या पाच पाकळ्याच सकाळपर्यंत सोलत बसलो असतो.

वच्छला. बेचाळीस वर्सांत म्या तुले या नावानं एकदा बी हाक मारली नाई. "अवं" म्हटलं की तू येत होती. आता सतरा दिवसांपासून अवं म्हटलं तं कोणी येत नाई, म्हून नाव घेऊन पाहून राह्यलो.

ही वही सुनंदानं देली. म्हणाली, "बाबा, तुम्ही बोलून नाई राह्यले, तं लिहा. आईचं काही लिहून ठेवा, आपल्या माणसाइले वाचाले देऊ." तुले माहीत आहे, मी चौथी शिकलेला माणूस. टायरवर खडूनं गाडीचा नंबर लिहिला, त्यापलीकडे माह्या हातानं काही लिहिलं नाई. तू कुठे जन्मली, कोणाची कोण, हे सुनंदा लिहीन. माह्या पोटात एकच गोष्ट अडकली आहे, अन् ती तुलेच सांगाची आहे. तू गेली ते हे समजून गेली का, की तुह्या खिम्याच्या नळ्या मले आवडत नव्हत्या? की मी त्या तुह्यावर उपकार करून खात होतो?

तसं समजाले म्याच जागा ठेवली. त्या रविवारी तं चारचौघांत सांगितल्यासारखं सांगितलं. ते येईनच पुढे.

नळ्या म्हणजे पास्ता. नाव तुले येत होतं, मले बी येत होतं. मी मुद्दाम नळ्या म्हणत होतो. कधी सायकलच्या वॉलट्यूबचे तुकडे म्हणत होतो. तू म्हणे, "तुमाले सगळ्यात रबरच दिसते." चाळीस वर्सं पंक्चरच्या दुकानात काढली, दुसरं काय दिसणार?

आठवते का पहिली खेप? दोन वर्सं झाले असतील. माह्ये वरचे दात सगळे गेले होते, खालचे चार उरले होते. कवळी बसवाले म्या साफ नाई म्हटलं होतं. मटण केलं की मी तुकडे बाजूले सारो अन् नुसत्या तर्रीत भाकर चुरून खाओ. कोणी विचारलं तं म्हणो, "आजकालच्या बोकडात दमच नाई राह्यला. चव कशी ती नाई." ताट उचलताना ते तुकडे तू पाहात होती.

अन् मंग एक दिवस तुले एकदम हौस आली. हातात मोबाईल घेऊन माह्याकडे आली. म्हणाली, "मले हे खाचं आहे."

मोबाईलवर एक गोरी बाई होती. एक भांडं, एक चमचा, अन् त्यातच सगळं टाकून राह्यली होती. इंग्रजीत बोलत होती. तू आवाज बंद करून टाकला.

म्या म्हटलं, "अवं, ते काय म्हणते ते तं ऐक."

"समजते का मले? हात पाहाचे. तोंड काऊन पाहाचं?"

बाप्पा! सहा वेळा पाह्यलं तुनं ते. तिनं काहीतरी बाटलीतून ओतलं तं तू म्हणाली, "हे आपल्या कामाचं नाई." पांढरं किसून टाकलं तं म्हणाली, "हे आपल्या कारंजा गावात भेटत नाई." बाकी सगळं तुह्या डोक्यात बसलं. किराणा दुकानातून नळ्यांचं पाकीट आणलं. मले म्हणाली, "पावभर खिमा आणजा, बारीक करून. जाडा नको."

खिमा मागाले मले लाज वाटली होती, हे तुले कधी बोललो नाई. ज्या दुकानात मी जन्मभर सीन्याचं, नळीचं, असं हाडाचं मटण निवडून मागत होतो, तिथी म्हणाचं की खिमा दे! मटणवाल्या रहमानचं पोरगं आता दुकान पाहते. त्यानं विचारलं, "काका, कीमा? घर में मेहमान आए क्या?" म्या म्हटलं, "तुह्या काकीले डोहाळे लागले." सगळे हसले. मी तुह्यावर ढकलून मोकळा झालो. तव्हापासून दोन वर्सं मी तुह्यावरच ढकलत राह्यलो.

तो जाड बुडाचा जर्मनचा गंज तुनं काढला. मोठ्या पातेल्याले आपल्याकडे गंज म्हणते अन् अॅल्युमिनियमले जर्मन, ते सुनंदाच्या पोरीले माहीत नाई, म्हून लिहून ठेवतो. तेल टाकलं, कांदा लाल केला. लसूण-अद्रक कुटून टाकलं. मंग खिमा. खिम्याले पाणी सुटलं, ते आटेपर्यंत तू हलवत राह्यली. टमाटर टाकले, ते विरघळले. तिखट, हळद, मीठ, थोडा आपला काळा मसाला. अन् मंग पाकीट फोडून कोऱ्या कडक नळ्या तशाच त्याच गंजात ओतल्या!

म्या म्हटलं, "अवं, त्या आधी उकळाव्या लागते! पाकिटावर चित्र आहे. उकळाच्या अन् पाणी फेकाचं."

"फेकाचं काऊन?"

"चित्रात फेकून राह्यले ना!"

"नळ्यातलं पीठ पाण्यात उतरते. तेच पाणी रस्स्याले घट्ट करते. फेकलं तं काय राह्यलं? तुमी पंक्चर काढा. मले एका गंजाचं शिकवू नका. दीडशे लेकरं जेवू घातले म्या एका गंजावर."

शाळेतल्या खिचडीचं बोलत होती तू. अठरा वर्सं शिजवली. तिथी मी काय बोलणार? तरी बोललो. या पाण्यावरून आपण दोन वर्सं भांडलो. दर रविवारी. मी म्हणो फेक, तू म्हणे नाई. मले काही पाण्याशी घेणंदेणं नव्हतं. भांडलं की तू शेगडीपासून माह्याकडे पाहे, हातात चमचा घेऊन. तेवढ्यासाठी भांडत होतो. हे आता लिहिताना समजलं.

नळ्या बुडून वर एक पेर येईन इतकं पाणी टाकलं तुनं. बोट उभं बुडवून मोजलं. झाकण ठेवलं. मी बाहेरच्या खोलीत माह्या पाटावर जाऊन बसलो, जसा रोज बसतो.

अन् तव्हा ते झालं. तू माह्यं ताट आणलं, ठेवलं, अन् परत गेली. मले वाटलं पाणी आणाले गेली. तू आली ते दुसरं ताट घेऊन, अन् माह्यासमोर बसली.

मी पाहातच राह्यलो. "काय झालं?"

तू म्हणाली, "हे थांबत नाई. थंड झालं की गोळा होते. ती बाई बी लगेच खाले बसली."

आपल्या घरात तसं कधी झालं नव्हतं. माह्या मायनं तुले पहिल्याच दिवशी सांगितलं असन, की माणूस जेवला की मंग बाईनं जेवाचं, आतमंदी. माय गेली, पोरगी सासरी गेली, घरात आपण दोघंच उरलो, तरी तू आतमंदीच जेवत राह्यली. मी बी कधी म्हटलं नाई की इकडे ये. सुचलंच नाई. एवढंच काय, दुकानात ट्रकच्या चाकात हवा भरताना रिंगची लोखंडी कडी उडून माह्यं उजव्या हाताचं हे बोट चेंगरलं होतं, तव्हा दोन महिने तुनं मले घास भरवला. भरवून झालं की आत जाऊन जेवत होती. तव्हा बी सुचलं नाई.

त्या दिवशी म्या पहिल्यांदा तुले जेवताना पाह्यलं. चाळीस वर्सं झाले होते लग्नाले. तू पहिला घास घेतला अन् डोळे मिटले, थोडसेच. तू डाव्या बाजूनं चावतं. टमाटराचं साल आलं तं काढून ताटाच्या काठावर लावतं, एकाखाली एक, ओळीनं. पाणी मधात पीत नाई. मोठ्ठा घास घेतं! लहान घास घेणारी बाई वाटत होती तू मले. बायको काय खाते, कशी खाते, हे मले म्हातारपणी माहीत झालं, अन् ते बी नळ्या थांबत नाई म्हून.

तू विचारलं, "कसं आहे?"

म्या म्हटलं, "रबर आहे. पण उपाशी राह्यल्यापेक्षा बरं."

अन् दुसऱ्यांदा वाढून घेतलं. तुनं वाढलं.

मंग दर रविवारचं ठरून गेलं. बाकी सहा दिवस भाकर-भाजी, मी बाहेर, तू आत. रविवारी सायंकाळी एक गंज अन् समोरासमोर दोन ताटं. शनिवारपासूनच मी वाट पाहात होतो. रविवारी सकाळी तू सांगाच्या आधीच पिशवी घेऊन निघो.

तू म्हणे, "कुठे चालले?"

"चाललो असाच. मटणाचा भाव पाहाले."

"आता निघालेच आहे तं पावभर खिमा बी आणजा."

"आणतो. तुह्ये चोचले पुरवाले पाहिजे ना कोणी."

तोंडात शब्द असे येत होते माह्या. हात मात्र पिशवी आधीच घेऊन निघत होता. तू हाताकडे पाह्यलं की शब्दाकडे, ते मले कसं समजावं? तूच म्हणे ना, हात पाहाचे, तोंड काऊन पाहाचं. मी त्याच्यावर आशा धरून आहे.

आता त्या रविवारचं सांगतो. टाळता येत नाई.

आपण दोघं ताटावर बसलोच होतो अन् डोमाजी आला. माह्या दुकानाच्या बाजूले ज्याचं चहाचं टपरं होतं, तोच. माह्या बरोबरीचा. तोंडानं फाटका, पण मनानं वाईट नाई. दार उघडंच होतं. त्यानं आत पाय टाकला अन् थबकला. समोर पाहते तं नवरा-बायको समोरासमोर जेवून राह्यले.

"अरे बाप्पा! भाऊ, तुमचं तं नवं लगन लागलं!"

तुनं पदर सारखा केला. म्हणाली, "या ना भाऊजी, बसा. ताट आणतो."

तो वाकला, माह्या ताटात पाह्यलं. "अन् हे काय वाढलं वहिनीबाई? याले तं अंगणवाडीतला खाऊ वाटला तुमी. मऊ मऊ. काऊन रे, हाडूक फोडणारा वाघ तू, अन् आता गिळाले लागला का?"

त्यानं थट्टा केली. हसून टाकाची होती. माह्याच्यानं नाई झालं. दात नसल्याचं तो बोलला असं मले वाटलं, बायकोसंगं जेवाले बसल्याचं बोलला असं वाटलं. दोन्ही मिळून डोकं फिरलं. म्या ताट पुढे सरकवलं.

"मले काय आवडते होय हे? हिले खाची हौस, म्हून गिळून राह्यलो. अवं, उद्यापासून हे माह्यापुढे आणू नको. मी काय बिनदाताचं लेकरू आहे?"

तू माह्याकडे पाह्यलं. मंग म्हणाली, "नाई आणत."

आवाज चढला नाई, पडला बी नाई. तुनं आपलं ताट उचललं अन् आत गेली. अर्धं जेवण व्हायचं होतं तुह्यं. आतमंदी, भिंतीजवळ, जिथी चाळीस वर्सं जेवली तिथी जाऊन बसली.

डोमाजी दोन मिनिटं उभा राह्यला, चहा नको म्हणाला, अन् गेला. म्या उरलेलं खाल्लं नाई. हात धुतले. म्या "अवं" म्हटलं नाई. तू गंजावर झाकण ठेवल्याचा आवाज आला. दोन माणसाइचं उरलं होतं त्यात.

दुसऱ्या दिवशी, सोमवारी, दुपारच्या आत तू गेली. कपडे वाळत घालून ओट्यावर बसली, छातीत दाटून आलं म्हणाली, अन् ऑटो दवाखान्यापर्यंत पोचला तव्हा डॉक्टरले कराले काही उरलं नव्हतं. ते मले लिहायचं नाई.

तेरवीच्या दिवशी सगळं आवरल्यावर सुनंदा माह्याजवळ येऊन बसली. पुलगावले परत जाची तिची पिशवी भरून तयार होती. म्हणाली, "बाबा, तुमच्या जेवणाचं कसं? तुमाले चावता येत नाई. तो आईचा पास्ता तरी शिकून घ्या, मी लिहून देतो."

म्या म्हटलं, "तो मले नाई, तुह्या मायले आवडत होता."

ते माह्याकडे पाहातच राह्यली. "कोण म्हणते?"

"तीच म्हणे. तिलेच हौस आलती."

"बाबा, आईले टमाटर खाल्लं की छातीत जळजळ होत होती. दर सोमवारी जिरं चावत बसे." मंग हळूच म्हणाली, "तिनं मले फोन केलता. म्हणाली, तुह्या बापाचे दात गेले, मटण सोडलं त्याइनं, अन् कवळीचं नाव काढलं तं अंगावर येते. असं काही दाखव की ज्यात मटण बी राहीन अन् चावा बी नाई लागन. म्या तो व्हिडिओ पाठवला. ते म्हणाली, पण त्याइले सांगजो नको. मीच म्हणीन मले पाहिजे म्हून."

मी उठून मागच्या अंगणात गेलो. लोक होते घरात.

तू माह्यासाठी खोटं बोलली, अन् मी तुह्या खोट्यावर बसून तुलेच टोमणे मारले. दोन वर्सं. छातीत जळजळ घेऊन तू माह्यासमोर मोठ्ठे घास खाल्ले. अन् मी म्हटलं रबर आहे.

मनात एक वाईट गोष्ट येते. ते सोमवारचं दाटणं तुले बी टमाटराचंच वाटलं असन का? म्हून तू उशिरा बोलली का? डॉक्टरले विचारलं. तो म्हणाला, काका, त्याचा अन् याचा काही संबंध नाई. तो शिकलेला माणूस आहे. मी त्याचं ऐकतो. पण सोमवार आला की कपाटातली जिऱ्याची डबी दिसते.

मागच्या रविवारी म्या खिमा आणला. रहमानच्या पोरानं काही न विचारता पावभर तोलला. मंग त्याचा हात थांबला. म्हणाला, "काका... पाव ही?" म्या म्हटलं, "पावच." दोघाइचं माप आहे ते. त्याले माहीत आहे, मले बी माहीत आहे. पण कमी सांगाले तोंड उघडलं नाई.

एकट्यानं लसूण सोलला. पंधरा पाकळ्याले किती वेळ लागते, ते समजलं. कांदा जरा जळला. खिम्याचं पाणी आटेपर्यंत हलवला, जसा तू हलवत होती. टमाटर, तिखट, मीठ, काळा मसाला. कोऱ्या नळ्या ओतल्या. पाणी फेकलं नाई. बोट उभं बुडवून एक पेर मोजलं.

अन् झालं ते पातळ पाणी! नळ्या पोहून राह्यल्या होत्या. मी विचार करत बसलो, चुकलं कुठे? मंग बोटाकडे पाह्यलं. म्या उजव्या हाताचं तेच बोट बुडवलं होतं, कडीनं चेंगरलेलं. त्याचं पेर कुठे सुरू होते अन् कुठे संपते, ते देवाले माहीत. अन् सरळ बोट असतं तरी माह्यं पेर म्हणजे तुह्ये दीड. तुनं माप सांगितलं होतं ते तुह्या बोटाचं होतं. ते बोट मी कुठून आणू?

झाकण काढून आटवत बसलो. आटता आटता ते खरंच घट्ट झालं, नळ्यातलं पीठ उतरून, जसं तू म्हणत होती तसंच. तू जिंकली बाई. पाणी फेकाचं नव्हतं. समोर भांडाले कोणी नाई म्हून म्हणत नाई, खरंच तुह्यं बरोबर होतं.

ताट वाढून घेतलं. बाहेरच्या पाटावर बसवेना. समोरची जागा दिसते. मंग मी आत गेलो अन् तुह्या जागेवर बसलो, भिंतीजवळ. म्हटलं, पाहावं तरी, इथी बसून जेवताना माणसाले काय दिसते.

तिथून दार दिसते. दारातून बाहेरची खोली दिसते. जेवून झालं तरी मी माह्या पाटावरच बसून राहो, अन् त्या पाटाची जागा अशी आहे, की तिथी बसणाऱ्याची नुसती पाठ दिसते. वच्छला, चाळीस वर्सं तू माह्या पाठीकडे पाहून जेवली.

ते समजल्यावर घास खाली जाईना. चावाची गरज नाई, तरी जाईना.

परवा डोमाजी येऊन गेला. जाताना म्हणाला, "त्या दिवशी वहिनी ताट आणतो म्हणाली होती. म्या बसाले पाहिजे होतं." म्या म्हटलं, "हो, बसाले पाहिजे होतं." त्याच्यावर राग नाई. त्याच्या तोंडातून गेलं ते गंमतीचं होतं. माह्या तोंडातून गेलं, ते तुह्या कानात गेलं.

आता जे सांगाले ही वही उघडली ते सांगतो. सोमवारी सकाळचं.

मी तुह्या आधी उठलो. दुकानाची सवय, अजून जात नाई. तू उठली, तोंड धुतलं, झाडणी घेऊन मागच्या अंगणात गेली. माह्याशी बोलली नाई. झाडण्याचा आवाज येत होता.

मी आत गेलो. गंजावर झाकण होतं. ते उचललं. नळ्या थंड झाल्या होत्या, सगळ्या मिळून एक गोळा. वरून चरबी गोठून पांढरी झाली होती. चमचा घेतला असता तं आवाज झाला असता. म्या हातानंच तोडलं अन् उभ्या उभ्या खाल्लं. मीठ मुरलं होतं रातभर. कोणी म्हणन शिळं, थंड. माह्या तोंडात इतकं बरं काही कधी गेलं नव्हतं. दोन माणसाइचं उरलं होतं. म्या सगळं खाल्लं. बुडाले लागलेलं बोटानं खरवडून चाटलं. कान अंगणाकडे होता. झाडणी थांबली तसं घाईघाईनं गंजात पाणी ओतलं.

मनात ठरवलं होतं, हे काही बोलाचं नाई. रविवारी गुमान खिमा आणून तुह्यापुढे ठेवाचा. तू समजून घेशीन. सहा दिवस तं होते मधात.

तू आत आली. गंज पाह्यला.

"यातलं काय झालं?"

म्या म्हटलं, "कुत्र्याले टाकलं."

कुत्र्याले नव्हतं टाकलं वं. म्या खाल्लं. सगळं खाल्लं. हेच सांगाचं होतं.

तू माह्या तोंडाकडे पाह्यलं. जरा जास्तच वेळ पाह्यलं, असं आता वाटते. मंग घासाले गंज उचलला, अन् जाता जाता म्हणाली, "तोंड पुसून घ्या."

खाच्या जरा आधी म्या तोंड धुतलं होतं, ते ओलं राह्यलं असन असं मले वाटलं. खांद्यावरच्या दुपट्ट्यानं मिशा पुसल्या, हनुवटी पुसली. दुपट्ट्याले तेल-तिखट काही लागलं का, ते पाह्यलं नाई. तू कपडे भिजवून राह्यली होती. दुपट्टा काढला अन् तुह्या बादलीत टाकला.